उत्खननाचें उरलेलें प्रकरण

भंडारा जिल्ह्यांतील पवनी येथें 1969-70 च्या हंगामांत जें उत्खनन झालें, त्याचा इंग्रजी अहवाल डॉ. शां. भा. देव व श्री. जगत्पति जोशी यांनीं सिद्ध केला आणि नागपूर विद्यापीठानें तो 1972 सालीं प्रसिद्ध केला. अर्धशतकापूर्वींच्या ग्रंथाचें परीक्षण आज कशासाठीं, असा प्रश्न वाचकांस पडणें साहजिक आहे. आमचें उत्तर असें कीं, उत्खननाचें कार्य कसें चालवावें व कोठें संपलें असें मानावें, या वादांत हा ग्रंथ दोन्ही बाजूंनीं साक्षीदार म्हणून उभा राहतो.

प्रथम गुणांचा विचार करूं. वैनगंगेच्या तीरावरील या प्राचीन नगरीच्या परिसरांत जगन्नाथ टेकडी व चांदकापूर या ठिकाणीं बौद्ध स्तूपांचे अवशेष उघडकीस आले. दानकर्त्यांचीं नांवें ब्राह्मी लिपींत धारण करणारे कठड्याचे दगडी खांब मिळाले. मुचरिंद नागाचें शिल्प मिळालें. विदर्भाचा प्राचीन इतिहास म्हणजे बहुतांशीं वाकाटकांचे ताम्रपट, अशी जी समजूत रूढ होती, तिला या टेकड्यांनीं धक्का दिला. वाकाटकांच्या कित्येक शतकें आधीं येथें स्तूप उभारणारा व त्यासाठीं यथाशक्ति द्रव्य देणारा समाज नांदत होता, हें निःसंशय ठरलें.

परंतु या ग्रंथाचा आम्हांस सर्वांत मोठा वाटणारा गुण निराळाच आहे. फावडें थांबल्यापासून अवघ्या दोन वर्षांत अहवाल छापून बाहेर पडला! यांत विशेष तें काय, असें ज्यांस वाटेल त्यांनीं शेजारच्या नागपूर जिल्ह्यांतील अडम या स्थळाकडे पाहावें. तेथील उत्खनन 1988 ते 1992 या काळांत झालें आणि त्याचा सविस्तर ग्रंथ 2016 सालीं निघाला. इनामगांवचें उत्खनन 1983 पर्यंत तब्बल बारा हंगाम चाललें. तरी डेक्कन कॉलेजनें त्याचा अहवाल 1988 सालीं वाचकांच्या हातीं दिला. त्याहून मागें गेल्यास, व्हीलर यांनीं अरिकमेडू येथें 1945 सालीं खणलें आणि पुढच्याच वर्षीं त्याचा वृत्तांत छापला. तेव्हां शीघ्रता ही केवळ लहान कामालाच शक्य असते, असें म्हणण्यास आधार नाहीं; ती आरंभापासून योजनेंत धरावी लागते.

या शीघ्रतेचें महत्त्व केवळ टापटिपीपुरतें नाहीं. उत्खनन म्हणजे एक एक पान वाचून लगेच तें जाळून टाकणें होय. मातीचा जो थर एकदां उचलला, तो पुन्हां कोणासही पाहतां येणार नाहीं. खड्ड्यांच्या मध्यें राखलेली मातीची भिंत, त्या भिंतीवर आखलेल्या थरांच्या रेषा, खापरांच्या पिशवीवरील थराचा क्रमांक, त्या दिवसाच्या वहींतील नोंद, एवढाच काय तो त्या जळालेल्या पानांचा उतारा. लेखक निवृत्त झाले, चिठ्ठ्यांची शाई उडाली, वह्या एका कचेरींतून दुसरींत गेल्या, म्हणजे हा उताराही नासतो. म्हणून खणण्यासाठीं जेवढा पैसा व जेवढे दिवस राखावयाचे, निदान तेवढेच खणल्यानंतरच्या वर्गीकरणास, रेखाटनास व मुद्रणास राखावे, हें अशा कार्याचें पहिलें सूत्र असावें. देव-जोशी यांच्या ग्रंथाचा प्रसिद्धिकाल पाहतां तें सूत्र येथें पाळलें गेलें, असेंच म्हणावें लागतें.

आतां दुसरी बाजू. अहवालाची जी परंपरा आपल्याकडे रुजली आहे, तिचा विषय खड्ड्याच्या कांठाशीं संपतो. स्थळ उघडें केल्यावर त्याचें पुढें काय व्हावें, पावसापासून विटा कोणीं राखाव्या, गुरें व घरबांधणी यांपासून टेकडीचें रक्षण कोणाकडे, हें प्रकरण त्या परंपरेंत लिहिलें जात नाहीं. कायदा आहे, 1958 च्या अधिनियमांत 2010 सालीं झालेल्या दुरुस्तीनें केंद्र-संरक्षित स्थळाभोवतीं 100 मीटरपर्यंत बांधकाम निषिद्ध व त्यापुढें 200 मीटरपर्यंत नियंत्रित केलें आहे. परंतु निषेध म्हणजे व्यवस्था नव्हे. ज्या गांवकऱ्यास टेकडीचें मोल कधीं कोणीं समजावून दिलें नाहीं, त्याला तो निषेध केवळ जाच वाटतो.

यावर कोणी म्हणतील कीं, संशोधकाचें काम संशोधन, राखणदारी सरकारची. हा आक्षेप वरवर रास्त दिसतो. परंतु शतकानुशतकें मातीखालीं सुरक्षित असलेली वस्तु ज्यानें उन्हापावसांत आणली, त्याची जबाबदारी ती वस्तु मोजून होतांच संपते, हें आम्हांस मान्य नाहीं. राखण्याची सोय नसेल तर खणूं नये, अथवा खणून, नोंदून पुन्हां मातीनें झांकावें. झांकणें यांत कमीपणा नाहीं. उत्खनकांची ती मान्य रीति आहे.

दुसरा दोष भाषेचा. जिल्ह्याचा सर्वांत जुना इतिहास सांगणारा हा ग्रंथ जिल्ह्याच्या भाषेंत नाहीं. त्याच जिल्ह्यांतील तुमसर तालुक्यांत बपेरा हें गांव आहे. तेथें विहीर खणतांना उद्यां मोठ्या आकाराच्या जुन्या विटा लागल्या, तर शाळामास्तरानें त्या कशाशीं ताडून पाहाव्या? दहा रुपयांहून अधिक किंमतीचें निधान सांपडल्यास कलेक्टरास कळवावें, असें 1878 चा कायदा सांगतो; पण विटा व खापरें यांची किंमत कोणत्या रुपयांत करावयाची? ती करण्यास ज्ञानच हवें. गांवकरी हाच पहिला पुरातत्त्वज्ञ असतो, याचा पुरावा दायमाबादेनें दिला आहे. तेथील हत्ती, गेंडा, रेडा व रथ हीं अपूर्व ब्राँझशिल्पें 1974 सालीं एका गांवकऱ्याच्या हातास लागलीं, विद्वानांच्या नव्हे.

सारांश, पवनीचा अहवाल हा वक्तशीरपणाचा आदर्श आहे आणि तरुण अभ्यासकांनीं तो त्या दृष्टीनें अवश्य वाचावा. मात्र यापुढें विदर्भांत जो कोणी कुदळ उचलील, त्यानें परवान्याबरोबरच तीन गोष्टी लिहून द्याव्या : अहवाल केव्हां, स्थळाची राखण कशी, आणि गांवाच्या वाचनालयांत ठेवावयाचा मराठी सारांश कोण लिहिणार. या तिहींचीं उत्तरें हातीं येईपर्यंत टेकडी तशीच राहूं द्यावी. ती इतकीं शतकें थांबली आहे. आणखी कांहीं वर्षें सहज थांबेल.