कुमारवयाची भाषा

कुमारवयाविषयी लिहू पाहणाऱ्या प्रौढ लेखकापुढे दोन मोह उभे असतात. एक गतकाळाच्या गोडव्यात रमण्याचा, दुसरा उपदेशाचा. मिलिंद बोकील यांची ‘शाळा’ (२००४) हे दोन्ही मोह टाळते, हे तिचे पहिले यश होय. आणीबाणीच्या काळातील नववीचा विद्यार्थी मुकुंद जोशी तीत स्वतःच आपली हकीकत सांगतो. बाहेर देशावर दडपण आले आहे. त्याचे चित्त मात्र शिरोडकर कधी दिसेल याकडे लागलेले. तिचा उल्लेख तो आडनावानेच करतो. त्या कोरड्या आडनावाआड त्या वयाचा सारा संकोच दडलेला आहे.

‘कोसला’तील (१९६३) पांडुरंग सांगवीकर वयाने मोठा, परंतु खेड्यातून पुण्यास शिकावयास गेलेल्या त्या तरुणाचे एकाकीपण याच जातीचे आहे. दोन्ही ठिकाणी विद्यालय मुलाला पुष्कळ सांगते, त्याचे ऐकून मात्र घेत नाही. हा आरोप आम्हां शिक्षकांना बोचावयास हवा.

तथापि या दोघांना एक भाग्य लाभले आहे. त्यांच्या मनाची आणि शाळेची भाषा मूलतः एकच आहे. बालाघाटच्या मुलास ते भाग्य नाही. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले. हा जिल्हा मध्य प्रदेशातच राहिला. वैनगंगा येथून भंडाऱ्याकडे वाहत जाते. मराठी पुस्तक उलट दिशेने क्वचितच येते. मराठी वा पोवारी बोलणाऱ्या घरातील मुलगा वर्गात हिंदी शिकतो. चौदाव्या वर्षी मनातले काही सांगावयाचे झाले की तो अडखळतो. कारण शब्द घरचे असतात आणि गोष्ट घरात न सांगण्याजोगी असते.

अशा मुलाला साहित्यात स्थान कसे द्यावे, हे प्रकाश नारायण संतांनी दाखविले आहे. ‘वनवास’पासूनच्या (१९९४) कथांत त्यांनी लंपनच्या जगाला कानडी वळणाची, सीमाभागातील मराठी दिली. ती कोणी ‘शुद्ध’ केली असती, तर लंपन उरलाच नसता.

पूर्वेकडील सीमेचा लंपन आम्हांस हवा आहे. तो उद्या आमच्याच एखाद्या वर्गातून निघेल. हिंदीच्या वहीत मराठी शब्द आढळताच आम्ही तांबडी शाई उचलतो. ती उचलण्यापूर्वी, मुलगा काय सांगत होता एवढे तरी वाचावे.