वालधुनीच्या उलट दिशेनं

ठाण्याहून बदलापूरला जायची घाई असेल तर शिळफाटा-काटईचा रस्ता बरा. तळ्याकाठच्या गावांमधून एक दिवस रमतगमत जायची हौस असेल, तर मात्र कल्याण, उल्हासनगर, अंबरनाथ अशी गर्दीतली वाट धरावी. हे सांगितलं की लोक हसतात. तळ्याकाठचं गाव म्हटलं की त्यांच्या डोळ्यांपुढे नैनिताल येतं, फार तर पवनेचं पाणी. उल्हासनगर कुणाच्याच येत नाही. पण या वाटेवर आपण एका छोट्या नदीच्या शेवटाकडून तिच्या उगमाकडे जात असतो. वालधुनी काकोळ्याच्या डोंगरात निघते, अंबरनाथच्या शिवमंदिराला खेटून वाहते, उल्हासनगर ओलांडते आणि कल्याणजवळ उल्हास नदीला मिळते. तिच्या उलट दिशेनं जाताना पाण्यापेक्षा काठाकडे लक्ष ठेवावं. पाण्याजवळ जायला माणसानं काय सोय केली, उतरायला पायरी ठेवली की अडवायला कठडा घातला, यावरून गावाचा स्वभाव बराचसा कळतो.

सुरुवात ठाण्याच्या मासुंदा तलावापासून करावी. ठाणं ही उत्तर कोकणच्या शिलाहारांची राजधानी, आणि शहरातले कितीतरी तलाव त्यांच्याच काळातले असं परंपरा मानते. मासुंद्यासमोर कोपीनेश्वर आहे. त्याची आजची वास्तू पेशवाईतली, सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकरांच्या काळातली. काठावरच गडकरी रंगायतन. देऊळ, तळं आणि नाट्यगृह एकमेकांच्या हाकेच्या अंतरावर असलेलं गाव सहसा सापडत नाही, आणि नाटक सुटल्यावर घरी जायच्या आधी तलावपाळीला एक फेरी मारणारा ठाणेकर हा त्या रचनेचा खरा वारसदार. तक्रार एकच आहे. कठडा, दिवे, कारंजी, बाकं यांनी तळं इतकं सजलंय की त्याच्याकडे पाहता येतं, होडीत बसता येतं, पण पाण्याला हात लावायचा तर काठ तशी मुभा देत नाही.

कल्याणचा काळा तलाव त्या मानानं अघळपघळ. सकाळी चालणारे, संध्याकाळी भेळवाले, आणि काठाशी काळ्या दगडाची जुनी मशीद. सातवाहनांच्या काळापासून बंदर म्हणून नाव असलेल्या गावात हे तळं जरा उशिरा आलेलं वाटतं. पंधरा मिनिटं पुरतात.

उल्हासनगरात मात्र थांबायला हवं, सुंदर नसलं तरी. दुसऱ्या महायुद्धातल्या लष्करी छावणीच्या बराकींत फाळणीनंतर सिंधी निर्वासित येऊन राहिले आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी या वसाहतीला उल्हासनगर हे नाव मिळालं. नाव नदीचं, पण वस्तीतून वाहते ती वालधुनी, आणि तिची दशा पाहवत नाही. रसायनांच्या आणि जीन्स धुण्याच्या कारखान्यांनी तिला कधी काळी, कधी निळसर करून सोडलं. पुलावरून खाली पाहिलं तर घरांच्या मोऱ्या, मागच्या भिंती, पत्रे एवढंच दिसतं. इथे नदीला काठ उरलेला नाही, घरांच्या पाठी उरल्यात. सगळं गमावून आलेल्या माणसांनी आधी दुकान उभारलं, मग घर. नदीकडे तोंड करून बसायची उसंत त्यांना कुणी दिली? दोष द्यायचा तर नंतर आलेल्या सुबत्तेला द्यावा. हे पाणी डोळ्यांत ठेवूनच अंबरनाथला जायचं, कारण तीच नदी वरच्या अंगाला ज्या दगडाला लागून वाहते तो महाराष्ट्रातल्या उत्तम शिल्पांपैकी एक आहे.

अंबरनाथ पूर्वेला, स्टेशनापासून रिक्षानं दहा-बारा मिनिटांवर शिवमंदिर. हारफुलांची दुकानं ओलांडून आत गेलं की पहिल्यांदा थोडी निराशा होते. देऊळ बुटकं वाटतं. शिखराचा वरचा भाग नाही, दगड काळपट, अंगावर शेवाळाचे डाग. पांडवांनी एका रात्रीत बांधायला घेतलं, उजाडलं म्हणून शिखर राहिलं, ही गोष्ट इथे कुणीही सांगेल. दुसरं कुणी त्याला हेमाडपंती म्हणेल. पण हेमाद्री पंडित तेराव्या शतकातला, आणि हे देऊळ त्याच्या दोनशे वर्षं आधी उभं होतं.

ते कधीचं, हे देवळानंच लिहून ठेवलंय. उत्तरेकडच्या दाराच्या आतल्या तुळईवर कोरलेला लेख शक ९८२चा, म्हणजे इसवी सन १०६०चा, शिलाहार राजा मम्वाणी याच्या कारकिर्दीतला. त्यात त्याचा भाऊ छित्तराज याचंही नाव येतं, म्हणून काम एका भावानं आरंभलं आणि दुसऱ्याच्या काळात पुरं झालं असं अभ्यासक मानतात. डॉ. भाऊ दाजींनी हा लेख प्रथम वाचला तेव्हा पहिला आकडा त्यांना सात वाटला होता. पुढे पंडित भगवानलाल इंद्रजींनी तो नऊ वाचला आणि देऊळ एका झटक्यात दोनशे वर्षांनी तरुण झालं. झिजलेल्या दगडावरच्या एका वळशाचा हा प्रताप.

आता भिंतीकडे. घाईनं प्रदक्षिणा घालू नये. दक्षिणेच्या बाजूला, हिवाळ्यात तीन-साडेतीनच्या सुमारास उभं राहावं, तेव्हा ऊन भिंतीवर तिरकं पडतं आणि कोरीवकाम उठून दिसतं. पहिली गोष्ट लक्षात येते ती ही की या देवळाला सपाट भिंत अशी नाहीच. सभामंडप आणि गाभारा हे दोन चौरस कोनाला कोन लावून बसवलेत, आणि प्रत्येक बाजू पुन्हा इतक्या कोनांत मोडलीय की नजरेला एका जागी विसावता येत नाही. एक कोन उजेडात, पुढचा सावलीत, त्याच्या पुढचा पुन्हा उजेडात. खालून वर जाताना आडवे थर लागतात: कीर्तिमुखांची ग्रासपट्टी, तिच्यावर गजथर, मग नरथर. हत्तींची ओळ एकसारखी आहे असं लांबून वाटतं. जवळ गेलं की कुणाची सोंड वळलेली, कुणाची झिजून नाहीशी झालेली. नरथरातली माणसं बोटाएवढी उरलीत, तरी कुणी नाचतोय, कुणी भांडतोय हे अजून कळतं. आडव्या थरांनी देऊळ जमिनीला धरून राहतं आणि उभे कोन त्याला वर खेचतात. या ओढाताणीतच मंदिराचा डौल आहे. शिल्पांमध्ये हरिहर, ब्रह्मा आणि सूर्य यांना एका देहात आणणारी मूर्ती आवर्जून शोधावी. ती पटकन सापडत नाही, आणि सापडल्यावर तिच्यासमोरून हलवत नाही. सुरसुंदरींचे चेहरे बहुतेक गेलेत, पण कमरेचा बाक, हात वर नेताना खांद्यात आलेला ताण, हे अजून शाबूत आहे. बेसॉल्टसारखा कडक, रखरखीत दगड आणि त्यात हे.

शिखराची शैली भूमिज. चार बाजूंना मधोमध जाळीदार पट्टे चढत जातात आणि त्यांच्यामधल्या जागेत छोट्या छोट्या शिखरांच्या ओळी एकावर एक रचलेल्या असतात. अंबरनाथला ही रचना अर्ध्यावर तुटते. पूर्ण कशी दिसली असती हे पाहायचं तर सिन्नरच्या गोंदेश्वराला जावं. माझं मत विचाराल तर ही अपूर्णता या देवळाला फारशी बाधत नाही. शिखर पुरं असतं तर नजर सरळ कळसाला गेली असती आणि भिंतीवरची ही सगळी बारकाई वाटेत राहिली असती.

१८६८ साली मुंबई सरकारनं स्कूल ऑफ आर्टमधली एक तुकडी इथे पाठवली. टेरी नावाचे शिक्षक, त्यांचे विद्यार्थी, साचे काढणारे कारागीर. त्यांनी मोजमापं घेतली, रेखाटनं केली, शिल्पांचे साचे घेतले, आणि ती चित्रं पुढे ‘इंडियन अँटिक्वरी’त छापली गेली. आजच्या भिंतीशेजारी ती ठेवली तर तेव्हापासून दगडानं काय काय गमावलं ते दिसतं. ती पोरं तेव्हा किर्र झाडीत वालधुनीच्या काठी बसून एकेक हत्ती कागदावर उतरवत असतील, याचा मला नेहमी हेवा वाटतो.

आणि मग आत. सभामंडपाचे चार मधले खांब, वरचं वर्तुळाकार कोरीव छत, दाराशी नंदी, हे सगळं पाहून झालं की गाभाऱ्याकडे वळावं. बहुतेक देवळांत गाभाऱ्यात जायला उंबरठा ओलांडावा लागतो, इथे खाली उतरावं लागतं. उंच, अरुंद पायऱ्या, पायाखाली ओल, अंगावर येणारा गारवा. खाली पिंडी आणि वर डोकं उचललं तर शिखराच्या जागी आकाश. बाहेर भिंतीनं नजरेला कोनाकोनांतून फिरवलं, आत पायऱ्या आपल्याला नदीच्या पातळीकडे नेतात. शेजारी कुंड आहे, पलीकडे पात्र आहे, आणि देव त्या पाण्याच्या शेजाराला जमिनीखाली बसलाय. देवळाबाहेर काठाला पायऱ्या असतात, या देवळानं काठच आत घेतला. या वाटेवर पाण्याजवळ जायच्या जेवढ्या रीती पाहिल्या, त्यात ही सगळ्यांत धीट. मासुंद्याचा कठडा पाणी दाखवतो, हा गाभारा माणसाला पाण्याच्या पातळीवर आणून सोडतो.

महाशिवरात्रीला इथे पाऊल ठेवायला जागा नसते. रांगा रस्त्यावर येतात, जत्रा भरते. श्रावणी सोमवारीही तेच. देवळाचं देवळपण त्या दिवशी कळतं, पण शिल्प पाहायचं तर मधला एखादा बुधवार बरा.

मंदिराच्या वरच्या अंगाला काकोळं. वालधुनीवर रेल्वेनं बांधलेला तलाव इथे आहे. गावकरी त्याला अजून जीआयपी टाकी म्हणतात, कारण तो ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा. १८५४ मध्ये गाडी कल्याणला पोचली, त्यानंतर दोनच वर्षांत खंडाळ्याच्या पायथ्याशी. वाफेच्या इंजिनाला कोळशाबरोबर पाणीही लागतं, आणि ते कंपनीनं अंबरनाथच्या डोंगरातून घेतलं. इंजिनं गेली, पाणी राहिलं. अंबरनाथला रेल नीरचा कारखाना आहे, तेव्हा रेल्वेची तहान या गावाकडून अजूनही भागते, फक्त बाटलीतून. हा तलाव देखणा नाही, निदान बांधणाऱ्यांचा तो हेतू नव्हता. बांध, पलीकडे हिरवी टेकडी, पावसाळ्यानंतर काठोकाठ पाणी. पण उल्हासनगरच्या पुलावरून पाहिलेलं पाणी मूळचं काय रंगाचं होतं ते इथे कळतं. एवढ्यासाठी तरी ही वाट उलटी यावी.

काकोळ्याला वालधुनी संपते. पुढे बदलापूर, आणि तिथे उल्हास. ही नदी शांत दिसते त्यावर जाऊ नये. २७ जुलै २०१९ रोजी बदलापूर आणि वांगणीच्या मधे तिचं पाणी रुळांवर चढलं आणि महालक्ष्मी एक्स्प्रेस अडकली. हजारावर प्रवाशांना बाहेर काढावं लागलं. आसपासच्या गावकऱ्यांनी त्या दिवशी जी धाव घेतली तिची आठवण बदलापुरात अजून निघते. काठ माणूस ठरवतो हे खरं, पण काही वेळा नदी तो पुन्हा आखते.

बारवी धरण बदलापूरहून मुरबाडच्या रस्त्याला. औद्योगिक विकास महामंडळानं ते १९७२ मध्ये बांधलं, पुढे उंची वाढवली, आपोआप उघडणारे दरवाजे बसवले. इथलं पाणी बदलापूर, अंबरनाथपासून मीरा-भाईंदरपर्यंत जातं. उंची वाढली तेव्हा तोंडली, मोहघर अशी गावं गेली, आणि त्या माणसांच्या पुनर्वसनाचा, नोकऱ्यांचा झगडा वर्षानुवर्षं चालला. धरणाच्या भिंतीवर जायला मनाई आहे, पावसाळ्यात धबधब्यांवरही बंदी असते. दरवर्षी पोरं बुडतात, त्यामुळे या बंदीला नावं ठेवायला मन धजत नाही. पाणी पाहायचं ते रस्त्यावरून, झाडांच्या फटीतून, जिथे गाडी बाजूला घेता येईल तिथून. जूनच्या सुरुवातीला गेलात तर या पट्ट्यातली जांभळं मिळतात. बदलापूरच्या जांभळाला भौगोलिक मानांकन मिळालंय. पाड्यावरच्या बायका टोपल्या घेऊन रस्त्याकडेला बसतात. घासाघीस करू नये, आणि दुपार व्हायच्या आत घ्यावीत.