जासूद, हेर आणि राज्यरक्षण

शिवशाहींतील हेरखात्याविषयीं अलीकडे पुष्कळ लिहिलें जातें. बहिरजी नाइकाच्या हाताखालीं हजारों हेरांचें लष्करी खातें होतें आणि तेंच गडोगडींच्या फितुरीवरहि नजर ठेवीत असे, असा या लेखनाचा साधारण सूर असतो. बहिरजीच्या कर्तृत्वाविषयीं आम्हांस यत्किंचितहि शंका नाहीं. परंतु या विधानाच्या दोन्ही अंगांस सारखाच आधार आहे कीं काय, हें तपासणें अवश्य आहे.

पहिलें अंग साधार आहे. कृष्णाजी अनंत सभासदाच्या बखरींत बहिरजी जासूद १६६४ च्या स्वारीपूर्वीं सुरतेच्या संपत्तीची बातमी आणतो, आणि १६७९ त जालन्याहून परतणाऱ्या सैन्यास आडवाटेनें पट्टा किल्ल्यास पोंचवितो. हीं दोन्ही कामें स्वारींतलीं व परमुलखांतलीं होत. हजारोंची संख्या मात्र बखरींत नाहीं.

दुसऱ्या अंगाविषयीं तीच बखर निराळेंच सांगते. गडावर हवालदार, सबनीस व सरनोबत असे तीन अधिकारी नेमून कारभार तिघांच्या विचारें चालवावयाचा, कीं एकट्यास किल्ला शत्रूच्या स्वाधीन करतां येऊं नये. म्हणजे फितुरीचा बंदोबस्त सभासदाच्या दृष्टीनें अधिकारविभागणीनें झाला होता. त्या ठिकाणीं तो हेरांस आणीत नाहीं.

मग ही कल्पना आली कोठून? कौटिलीय अर्थशास्त्र १९०९ त छापून निघालें. त्याच्या पहिल्या अधिकरणांत पांच संस्था व चार संचार असे गूढपुरुष सांगितले असून अमात्यांची उपधांनीं परीक्षा व स्वदेशींच्या असंतुष्टांवर पाळत यांचाहि विधि आहे. संस्कृतज्ञास सभासदांत कौटिल्य दिसण्याचा मोह होणें स्वाभाविक आहे. परंतु सादृश्य म्हणजे प्रमाण नव्हे. अंतर्गत बातमीची लेखी व्यवस्था पाहावयाची तर ती मोंगलांच्या वाकेनविसांत व खुफियानविसांत पाहावी. वऱ्हाड १५९६ पासून मोंगली सुभा होता.

तिसरा घोंटाळा शब्दाचा आहे. जासूद म्हणजे हेर खराच. पण पेशवेकालीन पत्रव्यवहारांत 'जासूद जोडी' बहुधा पत्रें पोंचविणारी असते. प्रत्येक जासुदास हेर मानिल्यास टपालाचा खर्च हेरगिरीच्या खातीं जमा होतो.

आमच्या प्रांतीं हा केवळ शब्दवाद नाहीं. येथें निजाम व भोसले यांचा दुअंमल होता. भोसल्यांचा अंमल १८०३ च्या देवगांवच्या तहानें बहुतांशीं संपला. त्याच वर्षीं २९ नोव्हेंबर रोजीं हिवरखेडच्याच परिसरांतील अडगांवीं वेलस्लीशीं भोसल्यांची लढाई झाली. अशा काळच्या रुमालांत जासुदांच्या नांवें खर्च दिसला कीं संग्राहक तेवढाच बंद 'हेराचा कागद' म्हणून निराळा काढतो. परंतु जासूद कोठें गेला, कोणाचें पत्र घेऊन गेला, अजुरा किती पावला, हें मागच्या-पुढच्या बंदांवरून ठरतें. सुटा झालेला कागद मोलवान दिसतो आणि मुका होतो.

म्हणून संग्राहकांस आमची विनंति एवढीच: रुमाल फोडूं नये, नोंद प्रसिद्ध करितांना तिथि, रक्कम व मुक्काम यांसह करावी. पुढें अंतर्गत हेरगिरीचा अस्सल पुरावा निघालाच, तर तो अशा अभंग दप्तरांतूनच निघेल, आणि त्याचें स्वागत करण्यांत आम्हीं मागें राहणार नाहीं.