लूरेची गुहा आणि डोंगरावरची पुसलेली गावं

वॉशिंग्टन परिसरातल्या मराठी घरांत भारतातून आई-वडील आले, की त्यांना काय दाखवायचं हे बहुतेक ठरलेलं असतं. आधी राजधानीतली स्मारकं आणि संग्रहालयं, मग न्यूयॉर्क-नायगारा, आणि अधल्यामधल्या एखाद्या शनिवारी ‘लूरे कॅव्हर्न्स’. सकाळी दशम्या-चटणीचा डबा घेऊन निघायचं, दोन तासांत लूरेला पोचायचं, गुहा पाहायची, बाहेर जेवायचं, मग थॉर्न्टन गॅपवरून स्कायलाइन ड्राइव्हवर चढून निळ्या डोंगररांगा पाहायच्या आणि रात्री घरी. बसने गेलं तर माइक घेतलेला मार्गदर्शक असतो, स्वतःच्या गाडीने गेलं तर ते काम जावई किंवा सून करते. सांगितली जाणारी कहाणी मात्र दोन्हीकडे जवळजवळ सारखीच असते.

सहल चांगली आहे, जरूर करावी. पण एखाद्या नाटकाकडे आपण जसं पाहतो, तसं या सहलीकडेही पाहता येतं. ती काय सांगते, कोणत्या क्रमाने सांगते आणि काय गाळते? तसं पाहिलं, तर हिचा पहिला अंक फार बोलका आहे आणि दुसरा जवळजवळ मुका.

पहिला अंक गुहेचा. खाली बाराही महिने तापमान साधारण 54 अंश फॅरनहाइट, म्हणजे उन्हाळ्यातसुद्धा शाल लागते. सव्वा मैलाची फरसबंद वाट आहे, त्यामुळे गुडघ्यांची तक्रार असलेली मंडळीही सावकाश चालतात. छतावरून लोंबणारे आणि जमिनीतून वर आलेले चुनखडीचे खांब घन इंचभर वाढायला सुमारे 120 वर्षं लागतात, असं इथे सांगतात. ‘ड्रीम लेक’ तर फसवतंच. जेमतेम दीड फूट पाणी, पण त्यात छताचं प्रतिबिंब इतकं स्वच्छ पडतं की खाली खोल दरी आहे असं वाटतं. आणि मग ते प्रसिद्ध ऑर्गन. पेंटॅगॉनमध्ये काम करणाऱ्या लेलंड स्प्रिंकल या गणितज्ञाने 1954 मध्ये त्याचं काम सुरू केलं आणि साडेतीन एकरांत विखुरलेले 37 लवणस्तंभ सुरात लावले. कळ दाबली की दूर कुठेतरी रबरी हातोडी दगडावर पडते आणि गुहा वाजते.

मराठीत गुहा आणि लेणं हे दोन वेगळे शब्द आहेत. निसर्गाने केलेली ती गुहा, माणसाने कोरलेलं ते लेणं. लूरेत निसर्गाच्या गुहेचं हळूहळू लेणं होत गेलं आहे. छिन्नी न लावता, फक्त नावं देऊन. एक आकार ‘टायटेनियाचा बुरखा’, एक ‘सॅरासनचा तंबू’, एक ‘प्लूटोचं भूत’ आणि दोन पिवळसर गोळे ‘फ्राइड एग्ज’. दगडाला नाव मिळालं की तो लक्षात राहतो. हे कौशल्य नाकारायचं कारण नाही. फक्त एवढं ध्यानात ठेवावं, की नाव कशाला द्यायचं आणि कशाला नाही, हे कोणीतरी ठरवत असतं.

गुहेच्या शोधाची गोष्टही छान रंगते. 13 ऑगस्ट 1878. अँड्र्यू कॅम्पबेल, बेंटन स्टेबिन्स आणि त्यांच्या सोबत्यांना एका खड्ड्यातून थंड हवा येताना जाणवली. त्यांनी माती उपसली आणि दोर लावून मेणबत्तीच्या उजेडात ते आत उतरले. गोष्ट बहुधा इथे थांबते. खरी गंमत पुढे आहे. जमीन सॅम ब्युरॅकर नावाच्या कर्जबाजारी माणसाची होती. पुढच्याच महिन्यात तिचा लिलाव झाला. शोधकर्त्यांनी खाली काय आहे याचा पत्ता न लागू देता ती विकत घेतली आणि नंतर गुहा जाहीर केली. खटले झाले. एप्रिल 1881 मध्ये व्हर्जिनियाच्या सर्वोच्च न्यायालयाने तो व्यवहार रद्द केला. पुढे मालमत्ता रेल्वे कंपनीच्या ताब्यातल्या एका कंपनीकडे गेली.

शिवाय याच गुहेत ‘स्केलेटन्स गॉर्ज’ नावाची जागा आहे. तिथे चुन्याच्या थराखाली माणसाची हाडं सापडली. ती इथल्या मूळ रहिवासी जमातीतल्या मुलीची असावीत, असं मानलं जातं. वर पुरलेली, आणि जमीन खचल्यावर खाली आलेली. ‘शोध’ लागायच्या कितीतरी आधीपासून ती तिथे होती. जॉन स्मिथ नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने 1819 मध्ये अजिंठा ‘शोधला’ असं आपण शाळेत शिकलो, त्याची इथे आठवण व्हावी. आसपासच्या गावकऱ्यांना लेणी माहीत होती, पण माहीत असणं म्हणजे शोध नव्हे, असा तेव्हाचा नियम होता.

गुहेतून बाहेर आलं की वाहनतळाजवळच एक खेडं लागतं. शेनंडोआ खोऱ्यातली जुनी घरं, कोठारं, एक छोटं चर्च, काळ्या मुलांसाठीची एका खोलीची शाळा, अशा इमारतींतून एकोणिसाव्या शतकातली शेतकरी वस्ती इथे पुन्हा मांडली आहे. ही मांडणी आहे हे लपवलेलं नाही आणि शाळेसारखी दुर्मीळ वास्तू जपली, हे चांगलंच झालं. माझी तक्रार खेड्याबद्दल नाही, सहलीतल्या त्याच्या जागेबद्दल आहे. ते आधी लागतं. पाहुण्यांच्या मनात ‘जुनं गाव पाहून झालं’ अशी नोंद होते. त्यानंतर बस डोंगर चढते आणि माइकवरून ‘निसर्ग’ सुरू होतो: झाडी, अस्वलं, हरणं, धुकं. जिथे खरोखर गावं होती, तिथे गावाचा विषयच निघत नाही.

तो काढू या. वॉशिंग्टनपासून जवळ, पूर्वेकडच्या शहरी लोकांना एका दिवसात गाठता येईल असं राष्ट्रीय उद्यान हवं, म्हणून 1926 मध्ये काँग्रेसने शेनंडोआला मंजुरी दिली. अट अशी, की जमीन राज्याने मिळवून द्यायची. पश्चिमेकडच्या उद्यानांसारखी ही सरकारी मोकळी जमीन नव्हती. पिढ्यान् पिढ्या वसलेल्या लोकांची शेतं, सफरचंदाच्या बागा, गिरण्या, शाळा, चर्च आणि दफनभूमी या डोंगरांत होत्या. एकेका मालकाशी बोलणी करत बसलं तर काम व्हायचं नाही, म्हणून व्हर्जिनियाने 1928 मध्ये कायदा करून एकेका काउंटीतली सगळी जमीन एकाच कारवाईत संपादित करण्याची सोय केली. अशा आठ काउंट्या होत्या. रॉबर्ट व्हाया या जमीनमालकाने त्याविरुद्ध दाद मागितली. तो खटला देशाच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि 1935 मध्ये हरला. 26 डिसेंबर 1935 रोजी उद्यान स्थापन झालं. 3 जुलै 1936 रोजी अध्यक्ष रूझवेल्ट यांनी बिग मेडोज इथे त्याचं लोकार्पण केलं.

सुमारे पाचशे कुटुंबांना डोंगर सोडावा लागला. ज्यांच्या नावावर जमीन होती त्यांना पैसे मिळाले. जे कुळं म्हणून किंवा नुसते राहत होते त्यांना जमिनीचं काहीच मिळालं नाही. काहींना पायथ्याशी सरकारी वसाहतींत घरं दिली. त्यातली एक, आयडा व्हॅली, लूरेच्या जवळच आहे. मागे राहिलेली बरीच घरं पाडली किंवा जाळली, म्हणजे कोणी परत येऊ नये. मोजक्या वृद्धांना मरेपर्यंत राहायची मुभा मिळाली. त्यांतल्या शेवटच्या बाई, ॲनी शेंक, 1979 मध्ये गेल्या. आपल्यापैकी काही जण अमेरिकेत आले, तेव्हा त्या अजून त्या उद्यानात राहत होत्या.

लूरेच्या जमिनीचा 1881 चा निकाल आणि हा 1935 चा निकाल शेजारी ठेवून पाहावेत. ठिकाणं काही मैलांवर, राज्य एकच. पहिल्या वेळी कायद्याने विचारलं, की जमिनीची खरी किंमत कोणाला ठाऊक होती आणि कोणी दडवली. दुसऱ्या वेळी तिथे राहणाऱ्यांच्या दृष्टीने तिची किंमत काय, हा प्रश्न निर्णायक ठरलाच नाही. एका दिवसाच्या सहलीत दोन्ही जागा येतात, पण त्या जोडणारं वाक्य कोणी बोलत नाही.

लोक हटवायचे तर ते हटवण्याजोगे आहेत, हे आधी सांगावं लागतं. 1933 मध्ये मँडेल शर्मन आणि थॉमस हेन्री यांचं ‘हॉलो फोक’ हे पुस्तक आलं. डोंगरातल्या चिंचोळ्या खोऱ्यांना तिकडे ‘हॉलो’ म्हणतात. तिथली माणसं जगापासून तुटलेली, शतकभर मागे राहिलेली, असं चित्र त्यात होतं. पुढे ऑड्री हॉर्निंग या पुरातत्त्वज्ञ बाईंनी त्याच खोऱ्यांत उत्खनन केलं. तेव्हा ग्रामोफोनच्या तबकड्यांचे तुकडे, औषधांच्या बाटल्या, टपालाने मागवलेली खेळणी आणि मोटारीचे भाग निघाले. जगापासून तुटलेल्यांच्या घरी टपाल येत होतं! कॉर्बिन हॉलोतली सर्वात गरीब कुटुंबं तर स्कायलँड या पर्यटक-निवासात काम करत आणि तिथल्या पाहुण्यांना टोपल्या विकत. चेस्टनटच्या झाडांवर रोग आला, मग मंदी आली, टोपल्या खपेनाशा झाल्या. पर्यटनावर जगणाऱ्यांची ओढाताण पाहून त्यांना आदिम ठरवलं गेलं, आणि त्याच पर्यटनासाठी उठवलंही गेलं.

ही गोष्ट मराठी माणसाला समजावून सांगावी लागू नये. ‘धरणग्रस्त’, ‘प्रकल्पग्रस्त’ हे शब्द आपल्या वर्तमानपत्रांत इतके रुळले आहेत की त्यांतला ‘ग्रस्त’ आता कानाला टोचतही नाही. तरी ते प्रामाणिक शब्द आहेत. माणूस कशामुळे उठला, हे त्या शब्दातच आहे. इंग्रजी फलकांवरचे ‘पूर्वीचे रहिवासी’ जणू आपणहून सामान बांधून गेले. 1921 चा मुळशी सत्याग्रह आपण सेनापती बापटांच्या नावाने शिकलो. कान्हेरीच्या लेण्यांची सहल तर बहुतेक मुंबईकरांनी केली आहे. ती लेणी संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात आहेत, त्याच जंगलात आदिवासी पाडे आहेत आणि 1997 च्या उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर झालेल्या कारवाईची झळ त्यांनाही बसली. तिकीट काढून लेणी बघताना यातलं किती आपल्या कानावर पडलं होतं? सांगायचा मुद्दा असा, की ही खोड अमेरिकेची नाही. ‘गुहा आणि निसर्ग’ या प्रकारच्या सहलीचीच ती आहे.

यावर दोन आक्षेप येतील आणि दोन्हींत तथ्य आहे. उद्यान झालं नसतं तर त्या कड्यांवर आज बंगले आणि हॉटेलं असती. जंगल पुन्हा वाढलं, अस्वलं परत आली, आणि आपल्या आई-वडिलांना बाकावर बसून तो देखावा फुकटासारखा पाहता येतो. हे मान्य. पण लाभ खरा आहे म्हणून किंमत सांगायची नाही, हे काही पटत नाही. दुसरा आक्षेप वेळेचा. आठ तासांच्या सहलीत इतिहासाचा तास कोण घेणार? तर ‘फ्राइड एग्ज’साठी थांबणाऱ्या सहलीला दोन मिनिटं सापडतात. उद्यान प्रशासनाने तर हे केलंही आहे. वंशजांची ‘चिल्ड्रन ऑफ शेनंडोआ’ ही संघटना 1994 मध्ये उभी राहिली, तिने पाठपुरावा केला, आणि आता बिग मेडोजच्या केंद्रातल्या प्रदर्शनात विस्थापनही आहे आणि काळ्या पर्यटकांसाठी वेगळी ठेवलेली लुइस माउंटनची जागाही आहे. बस तिथे थांबते. पण थांबते ती स्वच्छतागृहासाठी.

म्हणून पुढच्या खेपेला मार्गदर्शकाचं काम आपल्याकडे असेल, तर क्रम थोडा बदलावा. आधी बिग मेडोजचं ते प्रदर्शन पाहावं, मग गुहा. स्कायलाइन ड्राइव्हवर 37.9 मैलाच्या खुणेपाशी गाडी थांबवली, तर तिथून एक पायवाट उतरून जॉर्ज कॉर्बिनच्या 1910 च्या लाकडी घराकडे जाते. ते घर वाचलं. आज ते गिर्यारोहकांच्या क्लबकडून एका रात्रीपुरतं भाड्याने मिळतं. उतार मोठा आहे, ज्येष्ठांना नेऊ नये. मुलांना न्यावं. वाटेत झाडांमध्ये शेताच्या दगडी बांधाच्या ओळी दिसतील, आणि जंगलात बांध कशाला, असं ती विचारतील. उद्यानात शंभराहून जास्त दफनभूमी आहेत हेही त्यांना सांगावं. ब्लू रिज हेरिटेज प्रोजेक्टने वेगवेगळ्या काउंट्यांत उभारलेली स्मारकं दगडी धुराड्यांच्या रूपात आहेत, कारण घर गेलं तरी धुराडं उभं राहतं. त्यांवर उठवलेल्या कुटुंबांची आडनावं कोरली आहेत. ती मुलांकडून मोठ्याने वाचून घ्यावीत. गुहेतल्या दगडांची नावं त्यांना आधीच पाठ झालेली असतात.