दोन चौकटींमधले कुमारवय

मार्जान सत्रापी यांची ‘पर्सेपोलिस’ (मूळ फ्रेंच, चार खंड, २०००-२००३) ही आत्मचरित्रात्मक चित्रकथा इराणमधील १९७९ च्या क्रांतीची साक्ष म्हणून वाचण्याचा प्रघात आहे. या वाचनात इतिहास पुढे येतो आणि वाढणारी मुलगी निमित्तमात्र उरते. कृतीतील ताण मात्र या दोहोंच्या संबंधात आहे.

आईशी भांडून मार्जी तळघरात उतरते आणि चोरून आणलेली सिगारेट ओढते. आईचा धाक तिला हुकूमशाही वाटतो. हा शब्द तिने भोवतालच्या राजकारणातून उचललेला आहे, आणि प्रौढ निवेदिका त्याला मनातून हसते आहे, हेही लपत नाही. पुढे क्रांतिरक्षक स्त्रिया तिला भर रस्त्यात अडवतात. गुन्हा कोणता, तर पायांतले बूट, अंगातले जाकीट, त्यावरचा मायकेल जॅक्सनचा बिल्ला. घरात जी भाषा अतिशयोक्त होती ती रस्त्यावर शब्दशः खरी ठरते. कुमारवयीन हट्टाला राजकीय कृतीचा दर्जा सत्ताच देते. मार्जीने तो मागितलेला नसतो.

तथापि कृतीचे खरे सामर्थ्य किल्लीच्या प्रकरणात आहे. इराण-इराक युद्धात (१९८०-८८) गरीब घरांतील मुलांना स्वर्गाची म्हणून सोनेरी रंगाची प्लास्टिकची किल्ली दिली जाते. मार्जीच्या घरी काम करणाऱ्या बाईच्या चौदा वर्षांच्या मुलालाही ती मिळते. एका पानावर वरच्या चौकटीत सुरुंगांनी उडालेली मुले, गळ्यात किल्ल्या, निव्वळ काळ्या आकृती. खालच्या चौकटीत मार्जीची पहिली पार्टी: आईने मुद्दाम भोके ठेवून विणलेला स्वेटर, गळ्यात साखळ्या-खिळ्यांची माळ. वरचे आणि खालचे देह जवळपास सारख्याच आविर्भावात हवेत फेकले गेले आहेत. दोन चौकटींना जोडणारे निवेदन केवळ समकालीनत्व नोंदवते. अपराधभाव नाही, समर्थनही नाही. वर्गभेदाचे विधान रेषेने केले आहे, आणि ते निवेदिकेच्या स्वतःच्या सुरक्षिततेविरुद्ध जाते. साक्षीच्या साहित्यात हे धैर्य विरळाच.

१९८४ मध्ये मार्जीची रवानगी व्हिएन्नाला होते, आणि तेथे हे धैर्य उणावते. आपण फ्रेंच आहोत, असे ती एका मुलाला सांगते. या नकाराची वेदना निवेदन इतकी उलगडून सांगते की चित्राला काही उरत नाही. अपवाद आहे तो अकस्मात, बेढब वाढत जाणाऱ्या तिच्या शरीराच्या चित्रमालिकेचा. तेथे क्रांती नाही, युद्ध नाही. हात, पाय, नाक आपापल्या वेगाने वाढत राहतात.