दवाखान्यातले बालपण आणि कॅमेऱ्याची नजर

१९७८ मध्ये स्थापन झालेली 'मर्सी शिप्स' ही संस्था जहाजांवर रुग्णालये चालवते. डॉक्टर, परिचारिका, खलाशी यांतले काही जण तिथे सहकुटुंब राहतात. त्यांच्या मुलांसाठी जहाजावरच शाळा असते. अशा घराविषयी मुलांसाठी माहितीपट मालिका करायची तर कॅमेरा कुठे ठेवायचा? मला हा प्रश्न पडतो तो समुद्रापेक्षा हेमलकशामुळे. रुग्णालय हेच घर असलेले, मराठी वाचकाच्या सर्वाधिक ओळखीचे कुटुंब तिथले आहे.

२३ डिसेंबर १९७३ रोजी लोकबिरादरी प्रकल्प सुरू झाला तेव्हा डॉ. प्रकाश आमटे पंचविशीत होते. ते स्वतः आनंदवनात, कुष्ठरुग्णांच्या सहवासात वाढलेले. पुढे दिगंत, अनिकेत आणि आरती हेमलकशात वाढली. म्हणजे दवाखान्याच्या अंगणातले बालपण या घरात दोन पिढ्यांचे. प्रकल्पाची शाळा १९७६ची. तिथे ही मुले माडिया मुलांबरोबर शिकली. भोवती बिबटे, अस्वले. मुलांच्या माहितीपटाला याहून चांगला ऐवज कोणता हवा?

आपण मात्र चरित्रपट केला. समृद्धी पोरे यांच्या २०१४च्या चित्रपटाच्या नावातच 'द रिअल हीरो' आहे, आणि कॅमेरा त्या शब्दांशी प्रामाणिक राहतो. नाना पाटेकर आणि सोनाली कुलकर्णी यांनी कामे संयमाने केली आहेत, त्याबद्दल तक्रार नाही. पण मुले उरतात ती त्यागाच्या हिशेबातल्या एका रकमेसारखी. साधनाताईंच्या 'समिधा'त निदान आईच्या बाजूने संसार दिसतो. विलास मनोहरांच्या 'नेगल'मध्ये प्राण्यांचे खाणेपिणे, लळा, सवयी यांना ऐसपैस जागा आहे. हेमलकशातल्या बिबट्याला स्वतःचे पुस्तक मिळाले (आणि ते चांगले आहे!), तिथल्या मुलांच्या नजरेतले तसे पुस्तक मी अजून वाचलेले नाही.

आमच्या चिंचवडच्या सोसायटीत हा चित्रपट मुलांना दाखवला होता. एका मुलाचे वडील चाकणला शिफ्टमध्ये, आई नर्स. त्याने विचारले, "रात्री पेशंट आला की आईबाबा दोघं जायचे, मग मुलांजवळ कोण थांबायचं?" मोठ्यांनी त्याला सेवेचे महत्त्व सांगितले. त्याने ते विचारलेच नव्हते. पिंपरी-चिंचवडच्या पट्ट्यात तीन पाळ्यांवर घरे चालतात. रात्रपाळी करून आलेले वडील दुपारी आतल्या खोलीत झोपलेले असतात आणि मुले आवाज न करता खेळायला शिकतात. कामामुळे घराचे काय होते हे या मुलांना कुणी शिकवावे लागत नाही. त्यांना हवा असतो तपशील: जेवण कोण वाढायचे, भीती वाटली की कुणाला उठवायचे, खेळायला काय होते.

जहाजावरची मुले पुढेमागे आपापल्या देशी परततात. हेमलकशाच्या मुलांना परतायला वेगळे गाव नव्हते. दिगंत डॉक्टर झाले, अनिकेत अभियंता. दोघेही प्रकल्पातच काम करतात. मोठ्यांसाठीच्या कथनात याला वारसा म्हणतात आणि विषय संपतो. मुलांच्या मालिकेला तिथेच सुरुवात करता येईल: जावेसे कधी वाटले का? उत्तर "नाही" असे आले, तरी ते त्यांच्या तोंडून येईल. त्याच वर्गात बसलेल्या माडिया मुलांनाही विचारावे लागेल, की डॉक्टरांची मुले त्यांना तेव्हा कशी दिसत होती.