भिंत आणि भाषांतर : साष्टी बेटावरच्या एका मठाबद्दल



आजचा विषय एका बेटाचा आणि त्या बेटावरच्या एका ख्रिस्ती मठाचा आहे. आपला भंडारा जिल्हा तलावांचा. मुंबईचा समुद्र वरठीहून एका रात्रीच्या गाडीवर. मग इथं बसून बेटाची उठाठेव कशाला, असं कुणी विचारलं तर प्रश्न रास्त आहे. त्याचं उत्तर मी शेवटाकडे देतो. आधी बेट बघू.

बेटाचं नाव साष्टी. सासष्ट गावांची म्हणून साष्टी, अशी नावाची व्युत्पत्ती सांगतात. दक्षिणेला माहीमची खाडी, उत्तरेला वसईची, पूर्वेला ठाण्याची. आज तिथं वांद्रे, अंधेरी, बोरिवली, मुलुंड, ठाणे आहे. लाखो माणसं त्या बेटावर राहतात, पण आपण बेटावर राहतो हे त्यांच्या ध्यानीमनीही नसतं. १८०३ साली शीवचा बांध झाला, १८४५ साली माहीमचा झाला, मग रेल्वे आली आणि बेटपण पुसलं गेलं. गोव्यातही एक साष्टी आहे. ती वेगळी. तिच्याकडेही आपल्याला जावं लागणार आहे, म्हणून आत्ताच सांगून ठेवतो.

या बेटावर बोरिवलीला मंडपेश्वर नावाची लेणी आहेत. सहाव्या ते आठव्या शतकातली, शैव. आत नृत्य करणारा शिव कोरलेला आहे. १५३४ साली गुजरातच्या बहादूरशहानं वसई आणि आसपासचा मुलूख पोर्तुगिजांना दिला, त्यात साष्टी गेली. मग सोळाव्या शतकाच्या मध्याला फ्रान्सिस्कन पंथाचा आंतोनियु दु पोर्तु नावाचा पाद्री इथं आला. त्यानं या लेण्याचं चर्च केलं. लेण्याच्या माथ्यावर मठ आणि मुलांसाठी विद्यालय उभं राहिलं. देवस्थानाचं उत्पन्न राजाच्या आज्ञेनं मठाकडे वळवण्यात आलं. शिल्पं भिंतीआड गेली. एका दालनात तर शिल्पपट तासून त्यावर मोठा क्रूस कोरलेला आजही दिसतो. १७३७ ला साष्टी मराठ्यांनी घेतली, १७३९ ला चिमाजी आप्पांनी वसई घेतली, आणि मठाचे दिवस संपले. वर आज पडक्या भिंती उभ्या आहेत, खाली लेण्यात पुन्हा शिवलिंगाची पूजा होते.

इतिहास एवढाच. खरी अडचण तो सांगण्याच्या पद्धतीत आहे, आणि माझं आजचं बोलणं मुख्यतः त्या पद्धतींवरची टीका आहे.

मंडपेश्वराबद्दल साधारण दोन तऱ्हांनी लिहिलं जातं. पहिली तऱ्हा मालकीची. मूळ आमचं होतं, त्यांनी घेतलं, आम्ही परत घेतलं, विषय संपला. या लिखाणात मठाची दोनशे वर्षं म्हणजे नुसता डाग. दुसरी तऱ्हा गोड बोलण्याची. इथं शिव आहे, क्रूस आहे, म्हणजे हा संस्कृतींचा संगम आहे, बघा किती सुंदर! प्रवासवर्णनं आणि माहितीपत्रकं या तऱ्हेनं भरलेली असतात.

माझं भांडण दोन्हींशी आहे. दुसऱ्या तऱ्हेशी थोडं जास्त, कारण ती सभ्य दिसते. संगमाला दोन्ही नद्या वाहत येतात. इथं एकीला बांध घातला गेला होता. तासलेल्या शिल्पाला संगम म्हणणं म्हणजे ज्याचं गेलं त्याला, तुझं काही गेलंच नाही, असं सांगणं. आणि पहिली तऱ्हा? ती नुकसान बरोबर ओळखते, पण त्यातून 'मूळ' या शब्दावर भलताच बोजा टाकते. तो बोजा त्या शब्दाला पेलत नाही. कसा ते बघा.

याच बेटावर, मंडपेश्वरापासून थोड्या अंतरावर, कान्हेरीची बौद्ध लेणी आहेत. शंभराहून जास्त. साधारण हजार वर्षं तिथं भिक्खूंचा राबता होता. कल्याण, सोपारा, नाशिकच्या लोकांनी दिलेल्या दानांचे लेख तिथं आहेत. पारशी लोक लेणी बघायला आले, तर त्यांनी पहलवी लिपीत आपली नावं कोरून ठेवली, त्यात १००९ सालची तारीख आहे. नावं कोरली, पण बुद्धाला हात लावला नाही. ख्रिस्ती धर्मही या किनाऱ्याला पोर्तुगिजांच्या आधी ठाऊक होता. सहाव्या शतकात कॉस्मस नावाचा ग्रीक लेखक कल्याणला इराणहून नेमलेला बिशप असल्याचं लिहितो. १३२१ साली चार फ्रान्सिस्कन साधू ठाण्याला आले आणि तिथल्या सत्ताधाऱ्यांनी त्यांना ठार मारलं. त्यांची हकीकत लिहिणारा ओदोरिक सांगतो, की ठाण्यात नेस्टोरियन ख्रिस्ती लोकांची पंधरा घरं होती. म्हणजे याच पंथाचे साधू या बेटावर आधी बळी म्हणून आले, आणि सव्वादोनशे वर्षांनी सत्तेबरोबर आले. माणसं त्याच वाणाची. हातात काय आहे, यावर सगळं बदललं.

आता दियोगु दु कौतु. पोर्तुगिजांचा इतिहासकार, गोव्याच्या दफ्तराचा रखवालदार, १६१६ साली वारला. त्यानं कान्हेरीचं वर्णन केलं आहे. आंतोनियु दु पोर्तु माणसं आणि शिधा घेऊन डोंगराच्या पोटातल्या वाटांचा शेवट शोधायला निघाला, सात दिवस चालला, शेवट काही सापडला नाही, अशी कथा तो सांगतो. पण मला महत्त्वाची वाटते ती दुसरी गोष्ट. साष्टीत चौकशी करताना त्याला एका म्हाताऱ्यानं सांगितलं, की ही लेणी एका राजानं आपल्या मुलाला वाढवण्यासाठी खोदवली. कौतुच्या लिखाणात त्या राजपुत्राचं नाव आहे जोसाफात.

हा जोसाफात कोण? ख्रिस्ती संत. हिंदुस्थानातल्या राजाचा मुलगा. ज्योतिषी सांगतात, हा वैरागी होईल. बाप त्याला महालात कोंडतो, दुःख दिसू देत नाही. मुलगा एक दिवस रोगी माणूस बघतो, म्हातारा बघतो, मरणाबद्दल ऐकतो, आणि बार्लाम नावाच्या साधूच्या उपदेशानं ख्रिस्ती होऊन राज्य सोडतो. ओळखलंत ना? वरठीत ही गोष्ट कुणाला समजावून सांगावी लागणार नाही.

ही गोष्ट इराणी, मग अरबी भाषेत गेली. बोधिसत्त्वचं तिथं बुदासफ झालं. अरबी लिपीत शब्दाच्या आरंभी 'ब' आणि 'य' यांच्यात फरक नुक्त्यांचाच, तेवढ्यावरून युदासफ झालं. तिथून जॉर्जियन भाषेत, मग ॲथॉस पर्वतावरच्या युथिमियस नावाच्या जॉर्जियन साधूकडून ग्रीकमध्ये, मग लॅटिनमध्ये, आणि नाव जोसाफात. सोळाव्या शतकाच्या अखेरीला रोमच्या अधिकृत संतसूचीत २७ नोव्हेंबर हा त्याचा दिवस लागला. बुद्ध असा चर्चच्या पंचांगात जाऊन बसला, आणि कुणाला पत्ता नाही!

कौतुला संशय आला होता. जोसाफात आणि बुद्ध यांच्या कथा सारख्या आहेत हे त्यानं नोंदवलं. पण त्याची दिशा उलटी. आपल्याच संताला हे लोक दुसऱ्या नावानं पूजत असावेत, असं त्याला वाटलं. बुद्धच जोसाफात झाला, हे अभ्यासकांनी मांडायला १८५९-६० साल उजाडावं लागलं. कौतु आळशी नव्हता. त्यानं चौकशी केली, म्हाताऱ्याला विचारलं, त्याचं बोलणं टिपलं. फक्त आपली गोष्ट मूळ आणि समोरच्याची नक्कल, एवढं एक गृहीत त्यानं तपासलं नाही. आजच्या मालकीवाल्या लेखकांचा दोष हाच आहे. ते कौतुचेच वारस आहेत, फक्त बाजू बदललेली.

आणि 'मूळ' म्हणावं तर तेही हाती लागत नाही. गोव्याच्या साष्टीत, साखवाळला, १८७६ साली धर्मानंद कोसंबी जन्मले. मराठी माणसाला बुद्ध नीट कळला तो फार करून त्यांच्यामुळे. त्यांनी पाली ग्रंथ तपासून सांगितलं, की म्हातारा, रोगी, प्रेत बघून घर सोडल्याची कथा मागाहूनची. सिद्धार्थाच्या गृहत्यागामागे शाक्य आणि कोलीय यांच्यातला रोहिणी नदीच्या पाण्याचा तंटा होता. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' मध्ये हीच बाजू उचलली. एकोणतीस वर्षांच्या माणसानं तोवर म्हातारा, रोगी, प्रेत बघितलंच नव्हतं, हे बुद्धीला पटत नाही, असा त्यांचा आक्षेप. म्हणजे जी गोष्ट जगभर हिंडली, संत झाली, कौतुपर्यंत पोचली, तीच मुळात कुणीतरी पुन्हा सांगितलेली. आपल्या विहारांत आज तिसरीच सांगितली जाते, आणि ती ऐकणाऱ्याला जास्त जबाबदार करते.

मग प्रश्न उरतो. गोष्ट बदलणं चालतं आणि लेणं बदलणं चालत नाही, असं का? दोन्हींत दुसऱ्याचं घेतलंच ना?

साधं उत्तर असं. तुमच्या दिव्यावर मी माझा दिवा लावला तर तुमचा विझत नाही. तुमचं घर घेतलं तर तुम्ही रस्त्यावर येता. युथिमियसनं ग्रीकमध्ये गोष्ट लिहिली म्हणून बौद्धांच्या एकाही ग्रंथाचं पान गळलं नाही. मंडपेश्वरात मात्र क्रूस कोरायचा तर आधीचं तासावं लागलं. एक भाषांतर, दुसरी भिंत.

पण एवढ्यावर थांबलो तर मीही गोडच बोलतोय. कारण तिसरा प्रकार आहे, आणि तो आपल्या भाषेतला आहे. फादर थॉमस स्टीफन्स, इंग्रज जेझुइट. गोव्याच्या साष्टीत काम करत होता. त्याचं 'क्रिस्तपुराण' १६१६ साली रायतूरला छापलं गेलं, कौतु वारला त्याच वर्षी. मराठीत, ओवी छंदात, बायबलची कथा. भाषांतर म्हणून उत्तम. मराठीवरचं त्याचं प्रेम खरं आहे, आणि आपण ते शाळेत कौतुकानं शिकवतो. पण ते पुराण का लिहावं लागलं, हे त्यातच सांगितलंय. नवख्रिस्ती लोक म्हणाले, आमची जुनी पुराणं तुम्ही बंद केलीत, आता वाचायला काहीतरी द्या. म्हणजे भाषांतर सुंदर, पण भिंतीच्या सावलीत बसून केलेलं.

म्हणून कसोटी जरा वेगळी लावायला हवी. गोष्ट कुणी घेतली, कितपत बदलली, मूळ कुणाची, हे प्रश्न दुय्यम. पहिला प्रश्न हा : नवी गोष्ट आल्यावर जुनी सांगायची मोकळीक उरली का? जोसाफातच्या बाबतीत उरली. गोव्यात उरली नाही. कोसंबींनी आणि बाबासाहेबांनी कथा बदलली, पण ज्याला चार दृश्यांची कथा सांगायची त्याचं तोंड कुणी धरलं नाही.

ही कसोटी मग आपल्यालाही लागू होते, मंडळी. मठाची दोनशे वर्षं गाळून मंडपेश्वर सांगणं ही पण भिंतच. त्या टेकडीवर बाप्तिस्मा घेतलेल्या, त्या विद्यालयात शिकलेल्या लोकांचे वंशज आज साष्टीत आणि वसईत आहेत. ईस्ट इंडियन म्हणतात त्यांना. घरात मराठी बोलतात, आणि ती त्यांना कुणी बाहेरून दिलेली नाही. पोर्तुगीज सत्तेनं जे तासलं, त्याचा हिशेब त्यांच्याकडे मागायचा नसतो. त्यांना त्या पडक्या भिंतींची गोष्ट मोकळेपणानं सांगता यावी, आणि त्याच वेळी तासलेल्या शिल्पाची गोष्ट आपल्याला न बोबडता सांगता यावी. दोन्ही एका फलकावर मावतात. जागा एकच असली तरी गोष्टींना दाटी होत नाही.

आता सुरुवातीच्या प्रश्नाचं उत्तर, की हे वरठीत कशाला. आपल्याच जिल्ह्यात वैनगंगेकाठी पवनी आहे. १९६९-७० साली तिथं उत्खनन झालं आणि जगन्नाथ टेकडीच्या पोटात मौर्य-सातवाहन काळातला बौद्ध स्तूप सापडला. टेकडीवर जगन्नाथाचं देऊळ, खाली स्तूप. बेट लांब आहे, पण प्रश्न आपल्या उंबऱ्यावर आहे. तिथंही 'मूळ कुणाचं' म्हणून भांडणारे निघतील, आणि 'किती छान संगम' म्हणून विषय मिटवणारेही निघतील. आपण दोघांनाही थोडं थांबवावं आणि विचारावं : देवळात जाणाऱ्याला आपली गोष्ट सांगता येते का? स्तूपाला वंदन करायला येणाऱ्याला आपली सांगता येते का? आणि दोघांनी एकमेकांची ऐकलीय का?

तिसरा प्रश्न सगळ्यात अवघड आहे. पुढच्या वेळी कुणी पवनीला निघालं तर तो सोबत घेऊन जा.